टॉवेलात गुंडाळलेली रिम

त्या बाईंचं नाव विचारायचं राहूनच गेलं. रायपूर नुकतंच राजधानी झालं होतं, त्यामुळे रस्ते रुंद होत होते, म्हणजे सगळीकडे खोदलेले होते. अशाच एका खड्ड्यात माझ्या गाडीची रिम वाकली. गाडी घरी ठेवून मी पंडरी बाजाराजवळच्या स्पेअर पार्टच्या दुकानात गेलो आणि एक चकचकीत रिम पसंत केली.

तेवढ्यात सायकलरिक्षातून या बाई उतरल्या. लेकरासारखं उराशी धरलेलं गाठोडं त्यांनी काउंटरवर सोडलं. टॉवेलात वाकडी रिम!

"गाड़ी कौन सी है, माताजी?"

"नाम नहीं मालूम. इससे मिला दो."

दुकानदार हसला. बाई मात्र एकेक नवी रिम जुनीवर ठेवून प्रत्येक भोकात बोट घालून बघत होत्या. दोन परत केल्या, तिसरी जुळली.

"अरे वा, जुळली की!" माझ्या तोंडून निघालं.

मराठी ऐकून त्या वळल्या. "ब्लाउजपीस घ्याले जातो तं साडी संग नेतो ना भाऊ? तुमची साडी कुठी हाये?"

"घरी," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी वाकडी रिम मांडीवर घेऊन मी रिक्षातून पोहोचलो. चकचकीत रिमचं एक भोक जुळेल तर शपथ! साधी काळी बरोबर बसली.

दुकानदाराने माझ्या पँटवरचा काळा गोल न्याहाळला. "भैया, माताजी तो टॉवेल भी लाई थीं."