साइडवाला नाथाजी

आमच्या बँडातला नाथाजी तुम्ही पाहिला असणार, पण ओळखणार नाही. मलकापुरातल्या वरातीत ट्रंपेट घेऊन, छाती काढून पुढं चालतो तो मी, लालासाहेब. माझ्या मागं डाव्या हाताला सॅक्सोफोनच्या आड लपलेला असतो, तो नाथाजी.

सतरा वर्षं गड्यानं पलटणीच्या बँडात काढली. तिथं एका गोव्याच्या हवालदारानं त्याला जॅझ शिकवलं. पेन्शनीत आला तो थेट माझ्याकडं. म्हणाला, "मालक, तुमी बोला, मी साइडनं जबाब देतो." वीस वर्षं तेच चाललंय. गाण्याची एक ओळ संपवून मी दम घेतो, तेवढ्या फटीत हा असा सूर सोडतो की माझ्याच अंगावर काटा येतो. टाळ्या मात्र मला पडतात. मीही त्या निमूट घेतो, खोटं कशाला बोलू?

घरीही त्याचं तसंच. त्याची बायको, आमच्या बनुवहिनी, म्हणतात, "आवं भावजी, भाजी काय करू म्हणून इचारलं, तर मी ठरवंपर्यंत गप बसत्यात. मग म्हणत्यात, व्हय, तीच कर."

गेल्या वैशाखात त्याच्या लेकीचं, संयोगिताचं, सांगलीला विश्रामबागेत लग्न होतं. पोरगी तोंडाची लय फटकळ. बापावर अजिबात गेली नाही. आठ दिवस आधी तिनं मला दम भरला, "काका, माझ्या पाठवणीला आबा एकटंच वाजवणार. तुमी ट्रंपेटला हात लावायचा न्हाई."

"मला जमायचं न्हाई," नाथाजी म्हणाला.

"मग मी गाडीत बसायची न्हाई."

झालं! नाथाजीचं जेवण तुटलं. रोज उसाच्या बांधावर बसून घोटून घोटून चाल बसवली त्यानं.

पाठवणीची वेळ आली. फेटा बांधलेला नाथाजी सॅक्सोफोन तोंडाला लावून हॉलच्या दारात उभा राहिला. गाल फुगले, बोटं जागेवर, पण सूर काही निघेना. पाव्हणे एकमेकांकडं बघायला लागले. मग मला कळलं. हा बाबा माझी वाट बघत होता. आधी दुसऱ्या कुणी तरी वाजवायचं, मग ह्यानं.

माझा हात ट्रंपेटकडं गेला, तशी संयोगितानं डोळे वटारले. ती बापापुढं आली, वाकून पाया पडली. मघापर्यंत सगळ्यांना दटावणाऱ्या पोरीचा आवाज कापला. "आबा, येते आं मी."

आणि नाथाजीनं तिला जबाब दिला. काय वाजवलं म्हणून सांगू! मी भर पाव्हण्यांत हुंदके देऊन रडलो, लाज कसली त्यात? ती गाडीत बसली, गाडी हलली, तरी तो वाजवतच होता.

एक ओळ संपली आणि त्यानं सवयीनं जागा सोडली, लेकीच्या पुढच्या बोलण्यासाठी. गाडी तोवर कोपऱ्यावरून वळली होती. मग ती जागाही त्यानंच भरली.