खाट जरा उजेडाकडे फिरवा

नंदुरबार स्टेशनवर मला सोडायला आप्पा आले, तेव्हा बाहेर मिरच्या वाळत घातल्या होत्या. दोघांनाही ठसका लागला, त्यामुळे डोळ्यांत पाणी कशानं आलं हे विचारायची सोयच नव्हती. सारंगखेड्याच्या शेतकऱ्याचा पोरगा कॅमेरा शिकायला लंडनला चालला, याचं गावाला हसू आणि आप्पांना भय. तरी त्यांनी अडवलं नाही. “जाय आते. तठे पोटभर जेवत जाय,” एवढंच म्हणाले.

इथं आधी क्लॅप वाजवली, लेन्सच्या पेट्या वाहिल्या, मग बरीच वर्षं दुसऱ्याच्या कॅमेऱ्याचा फोकस सांभाळला. आता मालिकेच्या शेवटी सिनेमॅटोग्राफर म्हणून माझं नाव येतं. ब्रिटिश मालिकांत बाप फार मरतात बुवा! दर हंगामाला एक तरी. खिडकीचा उजेड बाजूनं घ्यायचा, डोळे दिसले पाहिजेत, पाठीमागून ऊन आलं की चेहरा काळा पडतो. हे मी झोपेतही सांगेन.

गेल्या वर्षी आप्पांना अर्धांगाचा झटका आला. मी यॉर्कशायरमध्ये शूटिंगवर होतो. दुसऱ्या दिवशीचं तिकीट काढलं होतं. सकाळी ताईचा व्हिडिओ कॉल आला, तिकडे ऊन कलतं होतं. आप्पांची वाचा गेली होती, पण आता ओठ हलत होते.

“भाऊ, आप्पा कायतरी सांगी ऱ्हायनात,” ताई म्हणाली.

आणि मी काय म्हणालो? “ताई, चेहरा दिसत नाही. मागं खिडकी आहे. खाट जरा उजेडाकडे फिरवा.”

माय ओरडली, “उजेड ऱ्हाऊ दे रे, तू बोल ना!” पण मी कसला ऐकतोय. सेटवर माझा शब्द खाली पडत नाही, तीच मस्ती. “डावीकडे घ्या, अजून थोडं,” म्हणत राहिलो. शेवटी माय आणि ताईनं दोन बाजूंनी खाट धरली, लोखंडी पाय फरशीवर करकरले. ताईनं फोन पुन्हा उचलला, तेव्हा आप्पांच्या चेहऱ्यावर सुरेख उजेड होता. ओठ थांबले होते.

मी पोहोचलो तोवर तापीकाठी सगळं उरकलं होतं. ताईला विचारलं, काय म्हणत होते गं? ती म्हणाली, “मी ते खाट वढी ऱ्हायनू, भाऊ.” मायला विचारायची हिंमत झाली नाही. तिनंच सांगितलं, तिलाही ऐकू आलं नाही. मेल्या माझ्या शहाणपणाला जाळायचं का आता?

गावात राहिलेल्यांनो, आणि माझ्यासारखे निघून गेलेल्यांनो, घर म्हणजे काय असं कुणी विचारलं की मला तापी नदी नाही आठवत, केळीची शेतंही नाही. दर रविवारी मी मायला फोन लावतो. ती आधी फोन कोनाड्यात उभा करते, पाट ओढते, पदर सारखा करते, तोंड खिडकीकडे करून बसते.

“देख, उजेडमा बठनू,” ती म्हणते. “आते बोल.”