बूट न काढता केलेला पंचनामा

ती घटना विसरावी म्हणून मी पुष्कळ प्रयत्न केला, पण ती अजून जशीच्या तशी डोळ्यांपुढे उभी राहते. माझं शिक्षण सातवी. शिपाई म्हणून भरती झालो आणि सहायक फौजदार म्हणून निवृत्त झालो. मधल्या सगळ्या वर्षांत पंचनामे आणि जबाब सोडून दुसरं काही लिहिलं नाही. तेव्हा लिहिण्यात कमी-जास्त असेल तर वाचणाऱ्यांनी चालवून घ्यावं. कोणाचं नाव देणार नाही, कारण यातली माणसं अजून याच भागात राहतात.

नोकरीची शेवटची दोन वर्षं राहिली होती. अमरावतीला मातीच्या मैदानावर मुलींची टेनिस स्पर्धा भरली. शाळा-कॉलेजची नव्हे, खेळावरच पोट असणाऱ्या मुलींची. बाहेरदेशच्याही काही पोरी आल्या होत्या. बंदोबस्त आमच्या ठाण्याकडे होता. मला टेनिसमधलं काही कळत नव्हतं. कुस्ती कळते, कबड्डी कळते. पण बंदोबस्ताला खेळ कळावा लागत नाही, गेट कळावं लागतं.

त्या मैदानाला एक माळी होता. साठीचा, काटकुळा, भातकुलीकडचा. घरी मेथी-पालकाचा मळा, आणि हा रोज पहिल्या बसने अमरावतीला येऊन मैदानाची माती चाळायचा, रोलर फिरवायचा, पाणी मारायचा. स्पर्धेच्या पहिल्याच दिवशी मी मैदानातून सरळ पलीकडे निघालो, तर हा हात आडवा करून उभा.

"जमादार साहेब, बूट काढा."

"कावून? देऊळ आहे का इथं?"

"देऊळ असतं तं पाय धुवाले सांगतलं असतं. बुटाची टाच रुतते न् मंग एखाद्या पोरीचा पाय मुरगळते."

तिथे उभ्या असलेल्या दोन-तीन पोरी हसल्या. वर्दीतल्या माणसाला सगळ्यांदेखत कोणी बूट काढायला सांगितलेलं मला सोसलं नाही. मी बूट काढले नाहीत. दोरीबाहेरून वळसा घालून गेलो आणि ती गोष्ट मनात ठेवली. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढचं सगळं त्यातूनच निघालं.

चौथ्या दिवशी अकोल्याच्या एका मुलीचा सामना होता. वीस वर्षांची पोरगी, वडील अकोल्यातले नावाजलेले वकील. तिच्यासाठी अकोल्याहून गाड्या भरून माणसं आली होती. पोरगी जिंकत होती. दुपारी एका चेंडूसाठी ती उजव्या अंगाला धावली आणि कोसळली. तिची किंकाळी मला गेटपर्यंत ऐकू आली. गुडघा गेला होता. उचलून दवाखान्यात नेलं.

तासाभरात वकील साहेब ठाण्यात हजर. तक्रार अशी की मैदान मुद्दाम घसरडं करून ठेवलं होतं, त्यात कोणाचा तरी डाव आहे. आमचे ठाणेदार तरुण होते, परीक्षा देऊन थेट आलेले. समोर वकील, बाहेर पत्रकार, आणि बक्षीस समारंभाला मोठे पाहुणे येणार. त्यांना घाई होती. तेवढ्यात ठाण्याच्या फोनवर खबर आली.

"तुमचा तो माळी आज सकाळी मैदानावर गोणीतून पांढरं काहीतरी फेकत होता. मी डोळ्यांनी पाहिलं."

नाव विचारलं तर फोन ठेवून दिला. ठाणे अंमलदाराने नंबर डायरीत लिहून घेतला. खबर सोयीची होती, म्हणून त्या नंबरवर उलट फोन कोणी केला नाही. मीसुद्धा नाही.

माळ्याची खोली तपासली, तर अर्धी गोणी जाडं मीठ मिळालं. मग माझ्यातला शेतकरी जागा झाला. मी खारपाणपट्ट्यातला माणूस. आमच्या विहिरींचं पाणी खारं. ते रानाला दिलं की माती चोपण होते, म्हणजे वाळली की दगड आणि ओली झाली की लोण्यासारखी घसरते. मी ठाणेदारांना छातीठोकपणे सांगितलं, "साहेब, याने मीठ टाकून मैदान घसरडं केलं. हे पुस्तकात नाही सापडणार, हे आम्ही भोगलेलं आहे." साहेबांना पटलं.

पंचनामा मीच केला, तोही दोरीबाहेर उभा राहून. आत जायचं तर बूट काढावे लागले असते. 'मैदान लाल मातीचे, ओलसर, पांढरे कण दिसून येतात,' असं लिहून पंचांच्या सह्या घेतल्या. पोरगी पडली ती जागा ताडपत्रीने झाकायला लावली, एवढंच एक शहाणपण केलं. जवळ जाऊन पाहिलं मात्र नाही.

नंतर माळ्याला दंडाला धरून पुढच्या गेटातून, भरल्या गर्दीतून नेलं. "मारा त्याले!" असं मागून कोणीतरी ओरडलं. चालता चालता त्याच्या पायातली एक चप्पल सुटली. तो वाकायला गेला, मी वाकू दिलं नाही.

ठाण्यात अटक दाखवली नाही. 'चौकशीसाठी बसवून ठेवला' असं आमच्याकडे म्हणतात. ते बाकडं किती जड असतं हे त्यावर बसणाऱ्यालाच माहीत.

"मीठ टाकलं का नाही?" मी विचारलं.

"टाकलं. दररोज टाकतो."

"कावून गा बुढ्या?"

"ओल धरते. दुपारचं ऊन पाहा न कसं आहे. मिठाबिगर पानी घंटाभर नाही टिकत. मंग फुफाटा होते."

"मले शिकवतं का? मी खाऱ्या पान्याच्या गावचा आहो. मिठानं जमीन मरते."

"मीबी तिकडलाच आहो साहेब. मरते ते काळी माती. हे वीट कुटून केली आहे. भाजलेली माती काय चोपन होईन?"

उत्तर बिनतोड होतं. म्हणूनच मला राग आला. चौकशी करणाऱ्याला राग आला की समजावं, समोरचा खरं बोलून राहिला. हे मी आज लिहितो, त्या दिवशी हात टेबलावर आपटला होता. स्पर्धा भरवणाऱ्यांपैकी एक जण येऊन सांगून गेला की मीठ दरवर्षी आम्हीच आणून देतो. मी म्हटलं, तुमचा माणूस आहे, तुम्ही तसं म्हणणारच.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा दिला तेव्हा माळ्याने घरचं काही विचारलं नाही.

"मैदानाले पानी मारलं का कोनी?"

"तुले काय करायचं? स्वतःचं पाहा."

"नाही मारलं तं तडकते ना ते."

आणि खरंच तडकलं. दुपारपर्यंत मुख्य मैदानाला भेगा पडल्या आणि त्या दिवशीचे सामने बाजूच्या मैदानावर हलवावे लागले. मीठ किती टाकायचं, पाणी केव्हा मारायचं हे त्याच्याशिवाय कोणालाच माहीत नव्हतं.

त्याच दुपारी पंच बाई जबाब द्यायला आल्या. हैदराबादच्या, उंच खुर्चीवर बसून सामना चालवणाऱ्या. जबाब संपल्यावर त्यांनीच मला विचारलं, "आपने निशान देखा?"

"कौनसा निशान?"

त्यांनी समजावून सांगितलं. मातीच्या मैदानावर चेंडू पडला की वण उमटतो. रेषेच्या आत की बाहेर असा वाद झाला की पंच खुर्चीवरून खाली उतरून तो वण पाहतात. खेळणाऱ्या मुलीने आधीच पायाने वण पुसला तर तिचा दावाच गेला. माती सगळं लिहून ठेवते, पायसुद्धा.

"लड़की के पैर का निशान होगा ना वहाँ. देखा ही नहीं, तो पंचनामे में लिखा क्या?"

हा सवाल मला लागला. ऐन उमेदीत मी मेळघाटाच्या नाल्यांमधून ढोरं चोरणाऱ्यांचे माग काढले होते. पावलावरून माणूस लंगडा आहे का, पाठीवर ओझं आहे का, हे सांगायचो. मुक्कामी वरिष्ठ माझी तारीफ करायचे. आणि इथे जेमतेम वीस पावलांवर खूण असून मी पाहिली नव्हती.

बाईंना घेऊन मैदानावर गेलो. दोरीपाशी बूट काढले, मोजे काढले आणि अनवाणी आत गेलो. ताडपत्री उचलली. भेगा तिच्या कडेपर्यंत आल्या होत्या, पण खाली माती अजून दमट होती आणि खुणा शाबूत होत्या. गुडघ्यांवर बसून पाहिल्या. बाईंना काही बोलावं लागलं नाही. घसरलेल्या पायाची खूण लांब असते, माती पुढे ढकललेली असते. इथे उजवा पाय जागच्या जागी रोवला होता. खोल ठसा, आणि त्याच जागी टाच थोडी फिरलेली. पुढे पाऊलभरही ओरखडा नाही. मैदानाने पाय धरला होता, सोडला नव्हता. पाय घसरून पोरगी पडलीच नव्हती. गुडघ्याने तिला सोडलं आणि मग ती पडली.

महिला शिपायाला सोबत घेऊन मी दवाखान्यात गेलो. मुलगी पलंगावर, वडील खिडकीपाशी, आणि तिचा प्रशिक्षक दाराजवळ उभा. हा माणूस तिला चार वर्षांपासून शिकवत होता. विचारायचं काम मी शिपाई बाईवर सोपवलं होतं. ती म्हणाली, "बेटा, डॉक्टर सांगत होते, दुसऱ्या गुडघ्यावर नाही, याच गुडघ्यावर चिकटपट्टीचे वळ आहेत. खेळाच्या आधीच पट्टी बांधली होती का?"

पोरीने दाराकडे पाहिलं. मग तिचे डोळे भरून आले.

"गुडघा आठवड्यापासून दुखत होता. पट्टी बांधायची, गोळी घ्यायची आणि उतरायचं, असं चाललं होतं."

"कोणाला माहीत होतं?" मी विचारलं.

तिने पुन्हा दाराकडे पाहिलं. मी ठाणे अंमलदाराला फोन लावला, डायरीतला तो नंबर वाचून घेतला आणि तिथेच उभ्या उभ्या लावला. दाराजवळच्या माणसाच्या खिशात फोन वाजला.

त्याला वेगळं काही विचारावं लागलं नाही. स्वतःच बोलला. गोळी त्याने दिली होती, 'एवढा सामना काढ' असं तोच म्हणाला होता. पोरगी पडल्यावर वकील साहेब आपल्याला सोडणार नाहीत या भीतीने त्याने सकाळी पाहिलेली मिठाची गोणी आठवली आणि फोन केला. दुसऱ्या माणसाचं काय होईल याचा विचार केला नाही, असं म्हणाला. मी त्याला काय बोलणार? मीही केला नव्हता.

वकील साहेब खिडकी सोडून पलंगापाशी आले. मुलीला म्हणाले, "मला का नाही सांगितलं तू?"

"तुम्ही विचारलंच नाही, बाबा. रोज फोन करून स्कोअर विचारला."

त्यांनी तक्रार मागे घेतली. प्रशिक्षकावर खोटी खबर दिल्याबद्दल जी कारवाई व्हायची ती झाली. मुलीच्या गुडघ्यावर शस्त्रक्रिया झाली. नंतर ती खेळली की नाही, मला माहीत नाही.

संध्याकाळी माळ्याला सोडलं. पुढे पत्रकार उभे होते म्हणून ठाणेदार म्हणाले, मागच्या दाराने जाऊ द्या. मी मागच्या दाराने जाऊ दिलं. गेटपाशी सापडलेली त्याची चप्पल हातात दिली. त्याने ती घातली नाही. दुसरी काढून दोन्ही हातात घेतल्या आणि अनवाणी गेला. अंतिम सामन्याला त्याला बोलावणं गेलं होतं, तो आला नाही. पुन्हा त्या मैदानावर कामालाच आला नाही.

तेव्हापासून नव्या पोरांना मी एक सांगत आलो. खबर आली की आधी खबर देणाऱ्याचं दुखणं काय ते शोधा. जी गोष्ट आपल्याला छातीठोक माहीत आहे ती दोनदा तपासा, कारण अडाणी माणूस जितका चुकत नाही तितका माहीतगार चुकतो. पोरं मान डोलावतात. पण मी शिकलो ते एवढंच असतं तर ही आठवण लिहायला घेतली नसती.

दहा-बारा दिवसांनी मी साध्या कपड्यात त्याच्या मळ्यावर गेलो. तो वाफ्यात पाणी धरून उभा होता. मला पाहून "बसा" म्हणाला आणि पुन्हा पाण्याकडे वळला. त्याची बायको बांधावर मेथीच्या जुड्या बांधत होती.

"कोन आहे हो हे?" तिने नवऱ्याला विचारलं.

"ठान्यातले जमादार."

तिचे हात थांबले नाहीत. "मंग काय, आता मेथीतबी मीठ शोधाले आले का?"

मी म्हटलं, "नाही बाई. चूक झाली, ते सांगाले आलो. तुमच्या मालकानं काही केलं नव्हतं."

नोकरीत हे शब्द मी कोणापुढे काढले नव्हते. मला वाटलं, आता बाई निवळेल, चहा ठेवेल.

"हे इथं सांगून काय फायदा?" ती म्हणाली. "आमाले तं मालूमच आहे, याहीनं काही नाही केलं म्हून. ज्याहीच्या समोरून धरून नेलं, त्याहीले मालूम नाही ना. तिकडं सांगा."

म्हातारा तेवढा एकदा बोलला. "राहू दे न वं. पानी सुटलं आहे, जुड्या आवर."

मी उठून आलो. तिकडे सांगायला गेलो नाही. स्पर्धा संपली, माणसं पांगली, आता कोणाला सांगू, अशी कारणं मनाला दिली. खरं कारण असं की बांधावर बसून चूक कबूल करणं सोपं होतं, चार माणसांत उभं राहून करणं माझ्याच्याने झालं नाही.

नाव देणार नाही असं वर म्हटलं आहे, ते पाळतो. पण त्या दुपारी अमरावतीच्या त्या मैदानावर जे बसले होते, आणि अकोल्याहून जे आले होते, त्यांना माणूस कोणता ते कळेल. त्यांच्यासाठी लिहून देतो. त्या माळ्याने मैदानात काहीही गैर केलं नव्हतं. मैदान चांगलं होतं. त्याला तुमच्यासमोर दंडाला धरून नेणारा पोलीस मी होतो, आणि चूक माझी होती.