बेकरीच्या भट्टीतले बटाटे

नात बंगळूरला परत गेली आणि चार दिवसांत माझ्या बायकोचं खाणं बंद झालं. रुसून नव्हे. लकव्यानं तिचं उजवं अंग गेलंय, तोंड जरा वाकडं झालंय, बोलणं तुटक येतं. पेज भरवायला गेलं की दोन चमचे आत आणि एक पदरावर. शिरूरच्या डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "आबा, असं चालणार नाही. पंधरा दिवस बघू. वजन आणखी उतरलं तर नाकातून नळी घालावी लागेल, त्यातून पातळ खाणं द्यायचं."

बाजूला घेतलं खरं, पण दार उघडंच होतं. परत येताना जीपमध्ये तिनं डावा हात नाकावर धरला आणि म्हणाली, "नळी... नको."

"मी हाय ना," मी म्हणालो. "नळी घालू देणार न्हाई."

चौथीतनं शाळा सुटलेल्या माणसाकडं मिरवायला दिलेल्या शब्दाशिवाय दुसरं काय असतं? आजवर मी शब्द थोडे दिले, पण दिलेले पाळले. हा शब्द देताना मात्र मी कशाच्या जोरावर बोललो ते मला आजही सांगता येत नाही.

जोर असलाच तर तो बटाट्याचा. नात बारा दिवस होती तेव्हा तिनं येताना एक छोटी विजेची भट्टी आणली होती, पेटीएवढी. बटाटे उकडून मऊ कुस्करायचे, त्यात दूध, लोणी, लसूण, हिरव्या मिरचीचं वाटण घालायचं, घरचा कांदा-लसूण मसाला घालायचा, मध्ये चीज, वर चीज, आणि भट्टीत ठेवायचं. वरून तांबूस होऊन बुडबुडे यायचे. त्याचं इंग्रजी नाव तिनं मला दोनदा सांगितलं, मला जमलं नाही, मी त्याला बटाट्याचं ताटच म्हणत होतो. "तिखट असल्याशिवाय आज्जीच्या जिभेला कळत न्हाई," असं नात म्हणायची. रोज दुपारी मी गोठ्यातनं यायचो तेव्हा वाटी रिकामी असायची. ती रिकामी वाटी बघून माझी खात्री झाली, की या बटाट्यातच औषध आहे.

नात निघाली त्या दिवशी म्हणाली, "आबा, ही भट्टी इथंच ठेवते. लई सोपं हाय, शिकवते तुम्हाला."

"तुझं मशीन तू ने. पन्नास वर्षं या घरात चुलीवर शिजलंय."

"शिजवलं आज्जीनं. तुम्ही कधी चहा तरी केलाय का?"

"केला न्हाई म्हंजी येत न्हाई, असं न्हाई."

"बरं, चीज तरी आणून ठेवते."

"दावणीला चार गाया हायेत आन् दुकानातनं दुधाचं विकत आणू? गाव हसंल मला."

तिनं भट्टी कापडात गुंडाळली आणि घेऊन गेली. मुलगा दौंडला रेल्वेत आहे, तो म्हणाला आईला इकडं आणा, सूनबाई बघेल. त्यालाही मी नाही म्हणालो. माझी बायको माझ्या घरात राहील. सगळ्यांना नाही म्हणून झाल्यावर घरात आम्ही दोघंच उरलो, आणि शेजारच्या भावजयीकडनं येणाऱ्या भाकरी.

मी बटाटे उकडले. साली काढताना बोटं भाजली, पण जमलं. मसाला कुठल्या डब्यात आहे ते तिलाच विचारावं लागलं. तिनं हनुवटीनं दाखवलं, वरून तिसरा. चीज नव्हतं. मी विचार केला, चीज म्हणजे तरी काय, घट्ट झालेलं दूधच की. आमची एक गाय तीन दिवसांपूर्वीच व्यायली होती. पहिल्या दुधाचा चीक होता घरात, त्याचा खरवस किती छान घट्ट होतो! ताटात बटाटा थापला, वरून चीक ओतला, चुलीवर ठेवलं, वर झाकण, झाकणावर निखारे. घट्ट झालं, अगदी वडी पडेल असं. मला वाटलं, दुकानाची गरज कुणाला आहे?

तिनं एक घास तोंडात घेतला आणि तसाच गालात धरून माझ्याकडं बघत राहिली. मिरचीचा खरवस. मग डाव्या हातावर थुंकला.

मी ओरडलो तिच्यावर. "खायचं का न्हाई तुला? सकाळधरनं राबतोय मी!" असं काहीतरी. तिच्या डोळ्यांत पाणी आलं ते मिरचीचं होतं का माझ्या ओरडण्याचं, कळलं नाही. मग मी गोठ्यात जाऊन बसलो. तिथं कुणी बोलत नाही.

नातीला फोन केला. ती आधी पोटभर हसली. "आबा, खरवस? बटाट्यावर?" मग म्हणाली, "आबा, चीज आणा. वितळतं ते. खरवस वितळत न्हाई."

"आपल्या न्हावऱ्यात मिळतं का?"

"कुठल्याबी दुकानात मिळतं. पण तुम्हाला ओळखीच्या दुकानात जायचं नसंल."

पोरगी मला ओळखून आहे. मी एसटीनं शिरूरला गेलो. दुकानात एक पोरगी होती, तिनं विचारलं, "कंचं पायजे, बाबा? पिझ्झ्याचं का सँडविचचं?"

"आजारी माणसाचं," मी म्हणालो.

ती घोटाळली. मग फ्रिजमधनं एक मऊसर वडी काढून दिली. "हे घ्या. ह्याला तार सुटती." मी पिशवीत तळाला ते ठेवलं आणि वर मेथीच्या जुड्या घातल्या. एसटीत गावातलं कुणी भेटलं तर मेथी दिसली पाहिजे.

आता भट्टी. ती मी परत पाठवली होती. पण आमच्या घरामागच्या आळीला बेकरी आहे, आणि दिवाळीत सगळं गाव तिथं आपापला रवा-मैदा-तूप घेऊन नानकटाई भाजायला जातं. बायकांची रांग लागते. माझी बायकोच दरसाल जायची, मी कधी गेलो नव्हतो. यंदा जर्मनचं खोलगट ताट फडक्यात बांधून मी एकटाच गेलो. भट्टीवाला उत्तर प्रदेशातला, वीस वर्षं झाली इथं, बोलतो निम्मं आपलं निम्मं त्याचं.

"आबा, दिवाली को टाइम है अभी."

"नानकटाई न्हाई. बटाटा हाय."

"बटाटा?" त्यानं फडकं उचलून बघितलं. "वडापावची गाडी लावताय काय?"

"घरात आजारी माणूस हाय. भाजायचा का न्हाई तेवढं सांग."

"अरे, नाराज क्यूँ होते? माँजी के लिए ना?" त्याला ती माहीत होती. मला नव्हती इतकी त्याला माहीत होती, कारण तो म्हणाला, "वो हमेशा सबसे पीछे खडी रहती थी. बाकी औरतों को आगे जाने देती." मी कधी हे ऐकलं नव्हतं. त्यानं सकाळचे पाव काढून घेतले, भट्टी जरा निवू दिली आणि लांब दांड्याच्या फळीवर माझं ताट आत सरकवलं. मी भट्टीच्या तोंडाकडं बघत उभा राहिलो. तो म्हणाला, "बघून लवकर नाही होत, आबा." तरी मी बघत राहिलो.

काय ताट झालं होतं! कडेला तांबूस, मध्ये सोनेरी, वर मसाल्याचे लाल ठिपके, वास आळीभर. भट्टीवाल्यानंच म्हटलं, "हे तर माझ्याकडनं पण होत नाही." मी ते डोक्यावर घेऊन आलो तेव्हा माझी मान ताठ होती, खोटं सांगत नाही.

तिला उशीला टेकवून बसवलं. ताट पुढं ठेवलं, चमचा डाव्या हातात दिला आणि समोर खुर्ची ओढून बसलो. आज तिला खाताना बघायचं होतं.

तिनं चमचा खाली ठेवला.

"काय झालं? तार सुटती बघ, नातीनं केल्यासारखं झालंय."

ती मान हलवत होती. मला वाटलं, हात चालत नसेल. मी चमचाभर घेतला, माझ्या घासाएवढा, आणि तिच्या तोंडाला लावला. तिनं तोंड उघडलं, मला वाईट वाटू नये म्हणून उघडलं असणार. चीजची तार तुटेना. ती खोकायला लागली. खोकता खोकता चेहरा लाल झाला, मग काळसर. मी तिच्या पाठीत थापट्या मारत होतो आणि भावजयीला हाका मारत होतो, आणि माझे हात कुठं ठेवायचे ते मला कळत नव्हतं. भावजय धावत आली, तिनं बायकोला पुढं वाकवून तोंडातला घास बोटानं काढला. मग बायको श्वास घ्यायला लागली. ताट तिथंच निवत होतं.

फोनवर नात हसली नाही.

"आबा, किती मोठा घास दिला?"

"मी खातो तेवढा."

"आबा." मग सावकाश सांगायला लागली. "मी तासभर भरवायचे तिला. उशा दोन्ही बाजूला, हनुवटी खाली, चहाचा लहान चमचा. चीज थोडंसंच, तेही कुस्करून. ती गिळेपर्यंत दुसरा चमचा न्हाई. औषध बटाट्यात नव्हतं, आबा."

"मग आधी का न्हाई सांगितलंस?"

"तुम्ही विचारलं कुठं? आन् एक सांगते, रागवू नका. ती तुमच्यापुढं खाणार न्हाई. तिनं कधी खाल्लंय का तुमच्यापुढं?"

मी आठवायला लागलो. लग्नात एकमेकांना घास भरवला होता, तोही लोकांनी नाव घ्यायला लावल्यावर. त्यानंतर? मी जेवून उठायचो, ताट तिथंच राहायचं, मग ती आत बसायची. शेतात भाकरी घेऊन यायची तेव्हाही मी खाताना ती पाटाचं पाणी बघायला जायची. माझ्या आईचंही असंच होतं, भावजयीचंही आहे. माझी बायको लहान घास खाते का मोठा, भराभर खाते का सावकाश, हे मला पन्नास वर्षांनंतरही माहीत नाही. ती किती तिखट खाते तेही नातीनं सांगितल्यावर कळलं.

"आन् आता तर डाव्या हातानं," नात म्हणाली. "डाव्या हातानं नवऱ्यापुढं जेवायचं म्हंजी तिच्या जिवावर येतंय. माझ्यापुढं चालतं. तुम्ही समोर बसू नका."

"मग भरवायचं कुणी?"

"तिला लहान चमचा द्या, उशा लावा आन् पाठ करून बसा. खोकला आला तर भिऊ नका. खोकला चांगला. आवाज यायचाच थांबला, तर बघा."

तेव्हापासून आमचं असं चाललंय. आठवड्यातनं दोनदा बटाट्याचं ताट भट्टीत जातं. चीज मी आता न्हावऱ्यातच घेतो, हसणारे हसून दमले. दुपारी बटाटा कुस्करून वाटीत घालतो, उशा लावतो, हनुवटी खाली कर म्हणून सांगतो, आणि तिच्या खाटेवरच तिच्याकडं पाठ करून भिंतीकडं तोंड करून बसतो. चमचा वाटीला लागतो तो आवाज ऐकतो. खोकला आला की माझ्या मुठी आवळतात. मला वळता येत नाही.

दर गुरुवारी डॉक्टर वजन करतात. पहिल्या गुरुवारी जैसे थे होतं, म्हणाले, आणखी आठ दिवस बघू. दुसऱ्या गुरुवारी थोडं उतरलं, तरी आठ दिवस म्हणाले. गेल्या गुरुवारी काटा वाचून त्यांनी नुसतं माझ्याकडं बघितलं आणि कागदावर लिहिलं. मी नळी घालू देणार नाही असं बोलून बसलोय, आणि दुपारी माझ्या हातात असतं ते एवढंच, की गप बसायचं.

आज चमचा बराच वेळ वाजत होता. मी मनात म्हणालो, आज संपवणार. मग एकाएकी आवाज थांबला. खोकला नाही, काही नाही. मी दहा श्वास मोजले. मग राहवलं नाही, वळलो.

ती ठीक होती. पदर तोंडावर ओढून धरला होता, चमचा हातात तसाच. दमली होती नुसती.

"तिकडं... बघा," ती म्हणाली.

मी परत भिंतीकडं तोंड केलं. पण तेवढ्यात वाटी दिसली. निम्म्यापेक्षा जास्त बटाटा तसाच होता, आणि गुरुवार परवावर आलाय.