डॉक्टरबाईंच्या नावाचा दगड

आई गेली त्या वर्षीचा पावसाळा उलटला, धान कापून झालं आणि मामाचा फोन आला, "दगड घेऊन येऊन राह्यलो." मी कॉलेजात रजा टाकली आणि चंद्रपूरहून अहेरीच्या एसटीत बसले.

आईचं माहेर माडिया गोंडांचं. तिच्या माणसांत मेलेल्याच्या नावानं दगड रोवतात. नातेवाईक तो स्वतः शोधतात, स्वतःच्या खांद्यावर आणतात आणि उभा करतात. तोवर गेलेला माणूस भटकत असतो. दगड उभा राहिला की तो आपल्या माणसांत येऊन बसतो. पण आई ख्रिस्ती होती, मिशनच्या दवाखान्यातली नर्स. तिला दवाखान्यामागच्या दफनभूमीत पुरलं होतं. तिथं काहीही बसवायचं तर मंडळीच्या, म्हणजे चर्चच्या सभासदांच्या, कमिटीची परवानगी लागते. मी ती मागितली नव्हती. मागितली असती तर मिळाली नसती, हे मला ठाऊक होतं.

मी ग्रंथपाल आहे. मिशनऱ्यांच्या इतिहासाची पुस्तकं माझ्या हातून बरीच गेली. काही पुस्तकांत ते समुद्र ओलांडून येतात, तापानं मरतात आणि आमचं जंगल म्हणजे नुसता काळोख असतो. इतर काहींत ते तांदूळ दाखवून भोळी माणसं बाटवतात. माझी आई दोन्हीकडे सारखीच दिसते: फोटोच्या कडेला, हातात ट्रे, खाली नाव नाही. तिला नेहमी कुणीतरी आणलेलं असतं, वाचवून नाहीतर फसवून.

तिला कुणी आणलं नव्हतं. तापानं फणफणलेल्या धाकट्या भावाला पाठीशी बांधून ती स्वतः जंगलातून चालत आली होती. भाऊ बरा होऊन घरी गेला. ती राहिली, कारण सुई कशी टोचतात ते तिला शिकायचं होतं. "येशूचा नंबर मंग लागला," असं ती हसून सांगायची. तो भाऊ म्हणजेच माझा मामा.

दवाखान्याच्या डॉक्टरबाई परदेशातून आलेल्या. उंच, चिडक्या, कामाला वाघ. त्यांचं मराठी पुस्तकातलं. त्या रोग्याला विचारत, "आपणांस कोठे वेदना होतात?" रोगी गप्प. मग आई शेजारून म्हणे, "कुठी दुखते, बाई?" आणि रोगी बोलायला लागे.

माझे आजोबा वारले तेव्हा आईला त्यांच्या दगडाला जायचं होतं. डॉक्टरबाई म्हणाल्या, ती अंधश्रद्धा आहे, तू जाणार नाहीस. आई गेली. परत आल्यावर डॉक्टरबाई तिच्याशी कितीतरी दिवस कामापुरतंच बोलल्या. मग एकदा कुणाची तरी जखम धुताना त्यांनी मान वर न करता विचारलं, "दगड केवढा होता?" आईनं हातानं उंची दाखवली. डॉक्टरबाई चुकल्या होत्या. आई त्यांच्यापुढे वाकली नव्हती. तरी त्यांच्या शेवटच्या आजारात त्यांना घास भरवणारी आईच होती. मला यातलं काहीही गाळून ती गोष्ट सांगता येत नाही.

मी पोचले तेव्हा मामा आणि त्याची माणसं दफनभूमीच्या फाटकाशी उभी होती. रस्त्यापर्यंत ट्रॅक्टर, पुढे खांद्यावर. गवतात दोन दगड ठेवले होते.

"मामा, दोन काऊन?"

"एक तुझ्या आईचा. एक डॉक्टरबाईचा."

"त्यांचा आहे नं." मी त्यांच्या कबरीवरची संगमरवरी फरशी दाखवली.

मामानं ती नीट पाहिली. "हा तं निजला आहे. निजलेला दगड कायचा दगड? आन् आनला कोनं? तिच्या मानसानं?"

"मिशनच्या संस्थेनं बसवला."

"म्हंजे हापिसानं." तो माझ्याकडे असा बघत राहिला जणू मीच बाहेरगावची. "तिचं कोनी आलं नाई बेटा. इतकी वर्सं भटकून राह्यली थे. मले तिनं वाचवलं, मंग मीच आननार का नाई?"

तेवढ्यात कमिटीचे सेक्रेटरी आले. म्हातारे, इथलेच. मागून चर्चचे तरुण पाळक, नगरकडचे, नव्यानं बदलून आलेले.

"बाई, तुमी शिकल्यासवरल्या," सेक्रेटरी म्हणाले. "तुमच्या आईचं एक वेळ समजू. पन डॉक्टरबाईच्या उरावर देव बसवता काय?"

"देव नाई भाऊ," मामा म्हणाला, "डॉक्टरबाईच बसते."

मागे कुणीतरी हसलं. पाळकांनाही हसू आलं, पण त्यांनी ते आवरलं. "ताई, प्रश्न नियमाचा आहे. आज दगड, उद्या इथे कोंबडं कापतील, मोहाची दारू येईल."

"कोंबडं आनलंच आहे," मामा म्हणाला. "दारू बी. पन इथी नाई, घरी. तुमी या जेवाले."

सेक्रेटरी लाल झाले. "रोवून तं पाहा! कमिटी तुमाले प्रभुभोजनातून काढंल, सांगून ठेवतो."

म्हणजे येशूच्या आठवणीची भाकर आणि प्याला मला मंडळीबरोबर घेता येणार नाही. मी मोठ्यानं बोलणारी बाई नाही. वाचनालयातल्या आवाजातच म्हणाले, "काढा." आणि मग मला थांबता येईना. "या मंडळीनं माझ्या आईचं नाव बदललं, ते तिनं घेतलं. गाणी बदलली, तीही घेतली. तिला हवी होती म्हणून घेतली. पण तिची माणसं तिनं कुणाला बदलू दिली नाहीत. ती काय मी आज फाटकाबाहेर ठेवू?"

"आणि डॉक्टरबाई?" पाळकांनी खरंच विचारलं. "त्यांना हे चाललं असतं?"

"नसतं चाललं. चिडल्या असत्या. पण त्या इथे आल्या तेव्हा त्यांनी माझ्या आजोबांना विचारलं होतं का, चालेल का म्हणून? आमच्यात आल्या, आमच्यात मेल्या. आता त्यांना आपलं म्हणायचं की नाही, ते आम्ही ठरवू."

मामाच्या माणसांनी सब्बल उचलली आणि खड्डे खणायला घेतले. कुणी अडवलं नाही. डॉक्टरबाईंचा दगड आईच्या दगडाहून उंच होता. मामा म्हणाला, "थे उंचच होती." आईचा दगड सरळ होईपर्यंत मी तो धरून राहिले. तळवे सोलले, बरं वाटलं. पाळक प्रार्थना न करता निघून गेले होते, म्हणून 'हे आमच्या स्वर्गातील पित्या' मीच म्हटलं. मामाकडच्या बायकांनी गोंडीत गाणं धरलं. माझं संपायची त्यांनी वाट पाहिली नाही, मीही त्यांच्यासाठी थांबले नाही.

महिनाभरात चर्चमध्ये ठराव वाचून दाखवला. मला प्रभुभोजन बंद, आणि दगड काढून टाकायचे. मी त्या रविवारी चंद्रपूरहून गेले होते. प्याला माझ्यासमोरून पुढे गेला. मी बाकावरून उठले नाही, आणि त्यानंतरचा एकही रविवार चुकवलेला नाही.

दगड अजून उभे आहेत, कारण ते उपटायला कमिटीला मजूर मिळेना. गावातली निम्मी माणसं डॉक्टरबाईंच्या हातावर जन्मलेली. बौद्ध, मुसलमान, गोंड, सगळी. ज्याला विचारावं तो म्हणतो, "तिले हात कोन लावंल?" शेवटी सेक्रेटरी स्वतः चंद्रपूरला वाचनालयात आले. पंख्याखाली बसून पाणी प्यायले, आणि दमल्या आवाजात म्हणाले, "बाई, तुमीच काढून घ्या नं. तुमचा बी मान राह्यला, आमचा बी राह्यला."

मी त्यांना चहा मागवला. दगड काढणार नाही, असं सांगितलं.

"मंग आमी काय करू?"

"आईच्या दगडाभोवती गवत फार वाढलंय," मी म्हणाले. "तेवढं काढून घ्या."