पाणी सोडू नका

"आवाज करू नका. आणि पाणी सोडू नका."

एवढं बोलून केंद्राच्या साहेबांनी शौचालयाचं दार ओढलं. बाहेरून कडी घातली.

आत आम्ही सहा माणसं. अंगावर फायरमनचा गणवेश, पायात गमबूट. एकाच्या नाकाशी दुसऱ्याची मान. आमच्या आधी कोणीतरी जाऊन आलेलं. घाण तशीच तरंगत होती. श्वास घेतला की घशात उतरायची.

वसईतलं अग्निशमन केंद्र. त्या दिवशी कामगार खात्याचा अधिकारी तपासणीला आला होता. आम्हाला कायम करा, म्हणून आम्ही दावा लावला होता. वर्षानुवर्षं आगी आम्ही विझवतो, विहिरीत आम्ही उतरतो, मग आम्ही ठेकेदाराची माणसं कशी? अधिकारी ते डोळ्यांनी बघायला आलेला. म्हणून आम्ही त्याला दिसायला नको होतो.

मी विशीत लागलो. आता माझी पोरगी कॉलेजला जाते. मधे ठेकेदार किती आले नि गेले, आठवत नाही. शर्टाच्या खिशावरचं नाव बदलायचं. शर्टातला माणूस तोच. अधूनमधून काही दिवस घरी बसवायचे, म्हणजे नोकरी सलग दिसायला नको. मग परत बोलवायचे. आणि आम्ही जायचो. हो साहेब म्हणत जायचो.

त्या सहांत काशिनाथकाका सगळ्यांत म्हातारे. कामणकडचे. पाठीवर भाजल्याचा रुंद पट्टा, तोही याच नोकरीतला. साखरेचा आजार. त्यांना थांबता येईना.

"पोरांनो, तिकडं बगा रे."

आम्ही कुठे बघणार? भिंतच नाकाला टेकलेली. काका उभ्या उभ्या मुतले. थोडं विजारीत गेलं. मग त्यांनी नळाकडे हात नेला आणि मी तो हात धरला.

"काका, साहेब नको बोललेत."

काका माझ्याकडे बघत राहिले. "पानी पन नाय सोडायचं?"

बापाच्या वयाचा माणूस. त्याचा हात माझ्या मुठीत. त्या वासापेक्षा जास्त किळस मला माझ्या मुठीची आली. दार साहेबांनी लावलं होतं. पहारा मीच देत होतो.

वरच्या जाळीतून साहेबांचा आवाज येत होता. हसरा, गोड. "ठेक्याची माणसं ना? झाडलोट करतात, पाणी भरतात. गाडीला हात लावू देत नाही आम्ही."

तेवढ्यात घंटा झाली. जाळीतून ऐकू आलं, गोखिवऱ्याला एका गाळ्यात आग. प्लॅस्टिकचा माल. आत माणसं.

घंटा झाली की आमचे पाय आपोआप धावतात. ते धावले आणि दाराला आपटले. आम्ही दार बडवायला लागलो. साहेब दाराशी आले. कडी काढली नाही. फटीतून हळूच म्हणाले, "ओरडू नका रे. याला जाऊ दे. मग तुम्ही मागून रिक्षाने या."

रिक्षाने. आगीला.

बाहेर गाडी घरघरत होती. कायम नोकरीतले दोघंच होते त्या पाळीला. एक चालक, एक गाडीवरचा पथकप्रमुख. त्यांनी दोघांनी काय विझवायचं होतं?

मी लाथ घातली. दुसऱ्या लाथेला बिजागरी सुटली. आम्ही सहा जण त्या अधिकाऱ्यासमोर बाहेर पडलो. त्याच्या हातात चहाचा कप होता. त्याने नाकाला रुमाल लावला.

"मी इथला फायरमन आहे," मी म्हटलं. "हे पाचही जण. आम्हाला तुमच्यापासून लपवायला संडासात कोंडलं होतं. लिहा."

त्याने लिहिलं की नाही, बघायला थांबलो नाही. गाडीवर चढलो. काका ओल्या विजारीनेच चढले.

गाळ्यातून आम्ही दोघांना बाहेर काढलं. एक हमाल जगला. पॅकिंगला बसणारी पोरगी जगली नाही. तिला काकांनी उचलून आणलं. तिची आई रस्त्यावरच बसली होती. ती रडत नव्हती. माझा गमबूट धरून विचारत होती, "कुठं होता रे तुम्ही? एवढा वेळ कुठं होता?"

आधी निघालो असतो तर ती वाचली असती? मला माहीत नाही. कोणालाच कधी कळणार नाही. पण त्या बाईशी खोटं बोलायला माझी जीभ उचलेना.

"आम्हाला कोंडून ठेवलं होतं, आई."

पलीकडे साहेब कॅमेऱ्यासमोर उभा होता. "आमचे जवान तातडीने पोचले," सांगत होता. सकाळी आम्ही झाडलोटवाले होतो. आता त्याचे जवान. मी तिथेच बाजूला जाऊन ओकलो. त्या दिवसापासून त्याला अहो-जाहो करणं सोडलं.

दुसऱ्या दिवशी ठेकेदाराच्या माणसाचा फोन. "उद्यापासून येऊ नका." सहाही जणांना.

पुढच्या आठवड्यात साहेब माझ्या खोलीवर आला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. हातात पेढे. पोरीच्या डोक्यावरून हात फिरवला, कितवीला आहेस विचारलं. मग मला म्हणाला, "तुझी एकट्याची फाईल पुढे सरकवतो. कायम करून घेतो. जबानीत फक्त एवढं सांग, कोंडलं-बिंडलं काही नव्हतं. तुम्ही मागे सामान धूत होता."

कायम. हा शब्द ऐकायला मी अर्धं आयुष्य घालवलं होतं. बायको ओट्याशी उभी होती. तिने माझ्याकडे बघितलं, मग त्या पेढ्यांकडे. म्हणाली, "त्यांचा पुडा त्यांना द्या."

मी दिला. "ऊठ," म्हटलं.

"विचार कर. माझ्याशिवाय तुला ओळखतं कोण?"

"ऊठ."

आता मी माणिकपूरला भाड्याची रिक्षा चालवतो. काकांच्या पायाला जखम झाली आहे, भरत नाही. आमच्यातल्या एकाने दावा सोडला, नव्या ठेकेदाराकडे लागला. त्याला मी शिव्या देत नाही. त्याच्या घरात खाणारी तोंडं आहेत. पण त्याच्या मागून मी जाणार नाही.

दाव्याची तारीख असली की मी रिक्षा बंद ठेवतो. पालिकेचा वकील दर वेळी म्हणतो, या माणसांचा आमच्याशी संबंध नाही. मी समोर बसून ऐकतो. आता मान खाली जात नाही. माझी जबानी व्हायची आहे. त्या पोरीच्या आईला सांगितलं तेच तिथे सांगणार, साहेबाचं नाव घेऊन, त्याच्या तोंडावर. कायम तर मी होणारच. पण कोणाची मेहरबानी म्हणून नाही आणि एकटा तर नाहीच.