मर्यादा नसलेले दाजी

आमच्या दाजींना चूक कबूल करताना आजवर कुणी पाहिलेलं नाही. स्वयंपाकघरातली फळी त्यांनी स्वतः ठोकली आहे. तिच्यावर वाटाणा ठेवला तर तो घरंगळत थेट भांड्यांच्या टोपलीत जातो. ताईने हे दाखवून दिलं तेव्हा दाजी मागे सरले, एक डोळा मिटून त्यांनी फळी न्याहाळली आणि म्हणाले, "फळी सरळ आहे. भिंत तिरकी आहे." त्या दिवसापासून आमच्या घरातली भिंत तिरकी आहे.

दाजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. शाळेत भाषा शिकवतात, आणि उत्तम शिकवतात, हे मी मेहुणा असूनही सांगतो. मी शिकायला त्यांच्याकडे राहतो. जेवण ताईचं आणि टोमणे दाजींचे, अशी एकूण व्यवस्था.

शाळेचे मुख्याध्यापक वर्षअखेरीला निवृत्त होणार होते. ज्येष्ठतेनुसार खुर्ची दाजींची. पण त्या खुर्चीला शिक्षणशास्त्रातली वरची पदवी लागते आणि ती दाजींकडे नव्हती. गणिताच्या सरांकडे होती. हे सर वयाने बरेच लहान, शाळेत अगदी कालचे, आणि त्यांची सगळ्यात वाईट खोड म्हणजे ते कधीच कुणाशी वाद घालत नाहीत. दाजींना ते सहनच होत नसे. शेवटी चाळिशी उलटल्यावर दाजींनी माझ्याच महाविद्यालयात नाव घातलं. लेखी पेपर सहज सुटले. राहिला संशोधन अहवाल. तो वेळेत मंजूर झाला नाही तर पदवी एक वर्ष पुढे आणि खुर्ची गणिताकडे.

"अहवाल म्हणजे काय, मोठा निबंधच की," दाजी म्हणाले. "आयुष्यभर निबंध तपासलेत मी."

विषय त्यांनी चांगला निवडला होता. सातवीच्या दोन तुकड्या. 'अ' तुकडीला रोज तासाच्या सुरुवातीला मोठ्याने गोष्ट वाचून दाखवायची, 'ब' तुकडीला नेहमीसारखं शिकवायचं, आणि सत्राच्या शेवटी दोन्हीकडे एकच उतारा देऊन प्रश्न विचारायचे. कुणाला जास्त समजलं ते बघायचं. सत्रभर दाजींनी घसा कोरडा केला. 'अ' तुकडी चांगलीच पुढे निघाली. दाजींनी एका दमात अहवाल लिहिला आणि मार्गदर्शक बाईंच्या टेबलावर नेऊन ठेवला.

बाई ताईच्या वयाच्या. आवाज मऊ, पेन लाल. मागच्या वर्षी माझा एवढासा प्रकल्प त्यांनी चार वेळा परत केला होता. तेवढ्या शिदोरीवर मी घरातला तज्ज्ञ झालो होतो. दाजींचा अहवाल परत आला तो आधी मीच चाळला. 'हे सूर्यप्रकाशाइतके स्वच्छ आहे की' या शब्दांसमोर बाईंनी लिहिलं होतं, 'सूर्य काढा, तक्ता घाला.' 'सर्व सुज्ञ जाणतातच' याच्यासमोर, 'कोणते सुज्ञ? वर्ष? पान?' दाजींनी निष्कर्ष अगदी शेवटच्या पानासाठी राखून ठेवला होता. तिथे होतं, 'ही रहस्यकथा नाही. हे सारांशात, पहिल्याच पानावर यायला हवे.'

"पहिल्याच पानावर सगळं सांगून टाकलं तर पुढचं वाचेल कोण?"

"कुणीच नाही वाचत, दाजी. तशी पद्धतच आहे."

"मग लिहायचं कशाला?"

"परत येऊ नये म्हणून."

कुरकुरत का होईना, दाजींनी सूर्य काढला आणि सुज्ञांची नावं-पानं शोधून आणली. गाडी अडली ती एकाच जागी. प्रत्येक अहवालात 'अभ्यासाच्या मर्यादा' असा एक भाग असतो. आपल्या कामात काय कच्चं राहिलं ते आपणच तिथे लिहायचं. दाजींनी तिथे एक ओळ लिहिली होती: 'प्रस्तुत अभ्यासास कोणतीही मर्यादा नाही.' खाली बाईंचा शेरा होता, 'मग हा अभ्यास नाही, जाहिरात आहे.'

"म्हणजे आपल्याच हाताने पायावर धोंडा मारून घ्यायचा आणि वर त्याला ठळक मथळा द्यायचा!" दाजी घरभर फिरत म्हणाले.

दुसऱ्या खेपेला त्यांनी लिहिलं, 'वेळ अपुरा पडला.' बाईंचं उत्तर, 'तो सगळ्यांनाच पडतो.' तिसऱ्या खेपेला, 'काही विद्यार्थी लक्ष देत नसत.' बाईंनी लिहिलं, 'ही विद्यार्थ्यांची मर्यादा. तुमची लिहा.' अहवाल स्वीकारण्याची शेवटची तारीख दिसू लागली होती. शिक्षकांच्या खोलीत गणिताचे सर आपुलकीने विचारत, "काय सर, कुठवर आलं?" आणि दाजींचा दिवस नासायचा.

एका सकाळी ताई बटाटे सोलत होती. दाजी समोर कोरा कागद घेऊन बसले होते.

"अहो, मला विचारा की. मी सांगते मर्यादा."

"कुणाच्या?"

"अहवालाच्याच. तुमच्या सांगायला बसले तर दुसरा खंड काढावा लागेल." ताईने सोललेला बटाटा पाण्यात टाकला. "मला सांगा, ते उताऱ्याचे पेपर तपासले कुणी?"

"मीच. दुसरं कोण तपासणार?"

"कुठला पेपर कुठल्या तुकडीचा, कळत होतं?"

"नाव झाकलं तरी कळेल. अक्षरावरून पोर ओळखतो मी," दाजी छाती काढून म्हणाले.

"बरं. 'अ'तल्या पोराने उत्तर अर्धंच लिहिलं असेल तर?"

"तर काय, त्याला काय म्हणायचंय ते कळतंच की."

"आणि 'ब'तल्याने अर्धं लिहिलं तर?"

दाजींनी कोरा कागद जवळ ओढला आणि पेनाचं टोपण काढलं. मला हसू फुटणार होतं, पण ताईने सोलाणं उगारलं.

उपाय सोपा होता. पेपरांवरची नावं आणि तुकड्या झाकायच्या, गठ्ठा पिसायचा आणि ज्याला ती अक्षरं ओळखू येत नाहीत अशा माणसाकडून पुन्हा तपासून घ्यायचा. सातवीला न शिकवणारे, वर असा अहवाल स्वतः लिहिलेले शाळेत एकच जण होते.

"दुसरं कुणीच नाही का?" दाजी कळवळले.

"ज्याला तुमचं प्रेम नाही असाच माणूस हवा, दाजी," मी म्हणालो.

"मग निम्मी शाळा चालेल," ताई म्हणाली.

गणिताच्या सरांनी एकही प्रश्न न विचारता गठ्ठा घेतला आणि आठवड्याभराने परत दिला. "मुलांनी छान लिहिलंय, सर," एवढंच म्हणाले. या वाक्यात कुचेष्टा कुठे आहे ते दाजी संध्याकाळभर शोधत होते. मी नव्या गुणांचा तक्ता केला. 'अ' तुकडी अजून पुढेच होती, पण अंतर निम्म्याहूनही खाली आलं होतं.

"बुडवलं या माणसाने," दाजी म्हणाले.

मी तज्ज्ञाच्या अधिकाराने सल्ला दिला. "जुनाच तक्ता ठेवा आणि मर्यादांत एक ओळ टाका, पेपर संशोधकाने स्वतः तपासले म्हणून. बाईंनी पुन्हा तपासायला सांगितलंय कुठे? एवढ्याशा फरकावर अहवाल फेटाळला तर खुर्ची गेलीच समजा."

दाजींनी दोन्ही तक्ते पुढ्यात ओढले. मग म्हणाले, "पोरांना मी काय सांगतो, माहीत आहे? खाडाखोड चालेल, पण खोडलेलं दिसू दे. खरवडून कागदाला भोक पाडायचं नाही." आणि त्यांनी दोन्ही तक्ते शेजारी-शेजारी लावले. मर्यादांचा भाग दीड पान झाला. या वेळी बाईंनी एकच लाल खूण केली, स्वल्पविरामाची.

तोंडी परीक्षेला मी मागच्या बाकावर होतो. बाहेरून आलेल्या परीक्षकांनी अहवाल उलटसुलट केला आणि विचारलं, "मर्यादा सांगा."

आणि बांध फुटला. 'अ' तुकडीचा तास सकाळी पहिला आणि 'ब'चा शेवटचा, तेव्हा पोरांचा जीव फाटकाबाहेर गेलेला असतो, हे दाजींनी सांगितलं. पेपर तपासताना हात कसा सैल सुटला, तेही सांगितलं. 'अ'मध्ये आपल्याला आवडणारी चार पोरं जास्त आहेत, इथपर्यंत ते आले, तेव्हा बाई हळूच म्हणाल्या, "सर, एवढ्या पुरेत."

"अहो, मग यातलं खरं उरलं तरी किती?" परीक्षकांनी विचारलं.

"वाटलं होतं त्याच्या निम्म्याहून कमी, साहेब. पण ते आमच्या गणिताच्या सरांनी तपासलंय. त्यामुळे तेवढं पक्कं आहे."

परीक्षक हसले आणि त्यांनी सही केली. पदवी वेळेत आली, खुर्चीही आली. मुख्याध्यापक झाल्यावर दाजींनी पहिलं काम काय केलं, तर सातवीचे पेपर नावं झाकून अदलाबदलीने तपासायचा नियम काढला. गणिताच्या सरांनी अर्थातच वाद घातला नाही.

माणूस सुधारला असं समजून मी एका संध्याकाळी विषय काढला. "दाजी, मग त्या फळीचं काय?"

दाजी उठले. त्यांनी फळीवर वाटाणा ठेवला आणि तो टोपलीत पडेपर्यंत पाहिला. ताई हातातलं काम थांबवून बघत होती.

"फळी तिरकी असण्याची शक्यता नाकारता येत नाही," दाजी म्हणाले. "पण भिंतीची बाजू अजून कुणी तटस्थपणे तपासलेली नाही. पुढील संशोधनास वाव आहे."